पहिला अंगठा

दारांना यंत्राची कुलपं बसवणाऱ्या त्या तंत्रज्ञाची माझी ओळख आहे, हे मी हल्ली लोकांना मुद्दाम सांगतो. बोलण्याआधी तो स्क्रूड्रायव्हर तळहातावर दोनदा ठोकतो, मग एखादंच वाक्य बोलतो.

बाबा गेल्यावर मी त्यांच्या नावानं तलासरीत अभ्यासिका बांधली. दाराला बोटाचा ठसा घेणारं यंत्र लावायचं माझ्या मनात होतं. ते घेऊन तो डहाणू रोडहून आला आणि म्हणाला, "सर, सकाळी इथं पहिलं कोण येतं?"

वेवजीहून झाडायला येणाऱ्या मावशी पहिल्या येत. त्यानं त्यांचाच अंगठा यंत्रावर टेकवून घेतला. तीनदा लाल दिवा लागला. भात लावून, भांडी घासून त्यांच्या बोटांवरच्या रेषा पुसल्या गेल्या होत्या.

"म्हणजे माझं काम गेलं," मावशी हसल्या, पण हात त्यांनी पदराआड नेला.

"तुम्ही नाही, मावशी. मशीन जाणार."

त्यानं यंत्र खोक्यात भरलं आणि त्याऐवजी कार्डानं दार उघडणारं बसवलं. वीज गेली तरी दार आतून उघडतं, हे मेन स्विच पाडून दाखवलं.

एक नंबरचं कार्ड मी बाबांच्या फोटोपाशी ठेवणार होतो. मला न विचारता त्यानं ते मावशींच्या हातात दिलं. बाबांनीही तेच केलं असतं. मला मात्र ते सुचलं नव्हतं.