सुलतानकाकूंचे संवाद

सुलतानकाकूंना तुर्कीचं अक्षरही कळत नव्हतं आणि इंग्रजी सबटायटल्स वाचून होईपर्यंत ती पुसली जायची. तरीही परदेशात, नेपरव्हिलमध्ये राहणाऱ्या आम्हा मराठी बायकांना तो भलामोठा तुर्की ऐतिहासिक सिनेमा कळला तो त्यांच्याचमुळे. त्या टीव्हीचा आवाज बंद करून मराठीत स्वतःच बोलायच्या. सेनापती घोड्यावरून हात उंचावायचा आणि काकू ओरडायच्या, "मेल्यांनो, आधी तोफा ओढा, चहा नंतर!"

त्या सिनेमाने सगळ्यांनाच वेड लावलं होतं. पाण्यासारखा पैसा ओतून उभारलेले ते तट, ती गलबतं! त्या वर्षी आमच्या गणपतीला थर्माकोलची तुर्की तटबंदी झाली आणि पोरं झब्ब्यावर पगड्या घालून हिंडली. काकूंचं 'सुलतान' हे नावही तेव्हाच पडलं. एरवी त्या मिरजेच्या साध्या बाई. नवरा गेल्यावर मुलाने, समीरने, इकडे आणलेल्या. शनिवारी दुपारी त्यांच्या बेसमेंटमध्ये दरबार भरायचा. आम्ही पडद्याकडे कमी आणि काकूंकडेच जास्त बघायचो.

शेवटी सुलतान नवी राजधानी जिंकतो आणि आपल्या आईला तिथल्या महालात आणतो. ती खिडकीशी पाठमोरी उभी असते. इथे काकूंचा आवाज एकदम खाली यायचा. "महाल छान आहे रे राजा. पण इथे मी बोलू कुणाशी? मला परत धाडतोस का?"

आम्ही खो खो हसायचो. एकदा समीर जिन्यात उभा होता, तोही हसला. "आई, डायलॉग सुपर आहे! विंटर संपू दे, मग तुझं तिकीट बुक करू."

"बरं," काकू म्हणाल्या.

तो विंटर गेला, पुढचाही गेला. समीर वाईट नव्हता, त्याला खरंच वेळ नव्हता. यंदाच्या फेब्रुवारीत, बाहेर बर्फ साचलेलं असताना, काकू गेल्या.

काकूंचे दिवस झाल्यावर समीरने मला बोलावलं. "ताई, तो महालाचा सीन लावू या? आवाज ठेवून. ती आई खरं काय म्हणते, ते बघायचंय."

आम्ही दोघं बेसमेंटमध्ये बसलो. काकूंची खुर्ची कुणी हलवली नव्हती आणि मला तिच्याकडे बघवत नव्हतं. पडद्यावर सुलतान आईला महाल दाखवत होता, एकसारखा बोलत होता. आई खिडकीशी उभी होती.

समीरने सीन मागे नेऊन पुन्हा लावला. मग रिमोट खाली ठेवला.

"ताई," तो म्हणाला, "ही तर काहीच बोलत नाहीये."