जप्तीतली नाव

भाटघरच्या धरणाचं पाणी इंग्रज सरकारचं, काठ संस्थानचा आणि नाव आमच्या आबांची. कर कुणावर बसला असेल, ते सांगायला नको.

आबा दोन्ही काठांच्या गावांना पैलतीरी नेत-आणत. कुणी पैसे देत नसे. सुगीला घरटी पाटीभर भात यायचं. संस्थानच्या कारकुनाने ठरवलं की हा भाड्याचा धंदा आहे, म्हणजे कर भरा. आबांनी भरला नाही. नावेवर जप्ती आली, वल्ही बांधून त्यांवर लाखेचं सील ठोकलं. गावाने मिळून दावा लावला. हरलो तर नावेचा लिलाव होणार होता.

मुनसफ स्वतः जागा पाहायला आले आणि पलीकडचा काठही बघतो म्हणाले. आबांनी हात जोडले.

"सील तुमचंच हाय, रावसाहेब. आमी तोडलं तर आत कोण जाईल?"

मुनसफांनी आपल्या हाताने लाख फोडली. ते बसले, मागून छत्री सावरत कारकून बसला. मी वल्ह्यावर, आबा टोकाला.

मध्यावर वारा उठला. त्याहून वाईट म्हणजे जप्तीत उन्हात पडून नावेच्या फळ्यांत फटी पडल्या होत्या. आधी माझे पाय भिजले, मग मुनसफांचे बूट. न्यायाधीशासकट नाव बुडाली तर लिलाव कशाचा करतील, असला विचार माझ्या मनात आला आणि वल्हं चुकलं. नाव आडवी झाली. आबा शिवी गिळून नुसते, "वड," म्हणाले. मुनसफ टोपी काढून तिने पाणी उपसायला लागले. कारकून डोळे मिटून कुलदैवतांची नावं घेत होता, त्यात आमच्याही दोन देवी आल्या.

काठाला लागलो. मुनसफांनी खिशातून रुपया काढला आणि आबांपुढे धरला. कारकुनाचे डोळे टक्क उघडले. रुपया हाती आला की भाडं सिद्ध आणि नाव गेली. रुपयाकडे पाहिल्यावर आबांचं तोंड कसं खुलतं, ते मला ठाऊक होतं. अगदी तसंच झालं.

"तुमची भातं कुठं हाईत, रावसाहेब?"

"माझी? मला शेती नाही."

"मग तुमच्याकडनं काय घ्यायचं? शेती केली म्हंजी सुगीला पाटीभर द्या."

रुपया खिशात परतला.

निकालात लिहिलं होतं की नाव ही गावाची सोय आहे, धंदा नव्हे. कर माफ, जप्ती रद्द. मात्र कुणाही उतारूकडून एक पै जरी घेतली, तरी कर लागू.

त्या वाक्याने कारकुनाला नवी उमेद दिली. पुढच्याच बाजारी एक बांगडीवाला नावेत बसला. मिशा नव्या, छत्री जुनीच. मधोमध आल्यावर त्याने आणा पुढे केला. आबांनी वल्हं थांबवलं नाही.

"सुगीला या, कारकूनसाहेब. आन् पायाशी पानी आलंय, तेवढं उपसा."