टोपलीत गेलेली फिल्म

माहितीपटांनी लोकांचं भलं होतं, असं मी तरुणपणी मानत होते. परतूरजवळच्या एका गावाने ते खूळ डोक्यातून काढलं.

सरकारसाठी पिण्याच्या पाण्यावर छोटा माहितीपट करायचा होता. कॅमेरा मीच चालवायची, फिल्म कापून जोडायचीही मीच. पहिल्या दिवशी विहिरीच्या कडेला एक बाई रिकामी घागर घेऊन बसलेली दिसली. ती गावकुसाबाहेरची. तिने विहिरीला हात लावायचा नाही. गावातल्या कुणी वरून ओतलं तरच पाणी घ्यायचं.

"सकाळपासून बसून राह्यले, बाई. आज कुनाला टाइम न्हाई."

आपल्या वस्तीसाठी वेगळी विहीर मागणारा अर्ज तिथल्या लोकांनी तालुक्याला दिला होता. मी तिचं ते बसणं पुष्कळ वेळ टिपलं.

दुसऱ्या दिवशी पाटील स्वतः हजर.

"बाईसाहेब, काल काय काढलं? गावाची बदनामी करता?" मग त्यांनी तिलाच हाक मारली, "ये गं, भर पाणी. शूटिंग हाय तवर विहीर बिलकुल मोकळी!"

ती पोहऱ्याचा दोर धरून लेन्सकडे बघत ताठ उभी राहिली. जत्रेतल्या फोटोवाल्याने तिला कधीकाळी हलू दिलं नसणार.

"अगं, ओढ की दोर!" मी ओरडले.

"फोटू हलल ना, बाई."

सगळे हसले. मीही हसले, कॅमेऱ्याला चावी दिली आणि तिचं पाणी भरणं टिपलं. माझा हिशेब सरळ होता: आधी बसलेली बाई दाखवायची, मग हे एका दिवसाचं नाटक. बघणाऱ्याला बरोबर कळेल.

मुंबईत आमच्या खात्याच्या साहेबांनी बसलेली बाई काढायला लावली. "रडगाणं कशाला? विहीर खुली झालीच ना?" मी भांडले. मग कात्री उचलली. नोकरी सोडायची तयारी नव्हती, एवढंच.

पुढच्या उन्हाळ्यात दुसऱ्या कामासाठी त्या गावावरून गेले. ती त्याच जागी बसली होती.

"आमचा अर्ज गेला, बाई. तालुक्याच्या साहेबानं तुमचा पिच्चर पाह्यल्ता. म्हनला, गावची विहीर खुली हाय, मंग दुसरी कशाला? मी म्हनलं, न्हाई हो साहेब. तर म्हनला, आमी डोळ्यानं पाह्यलं, तूच पानी भरून राह्यली."

मी तिथेच बसून नवा अर्ज लिहिला. पुरावा म्हणून तिच्या बसण्याची फिल्म हवी होती. ती माझ्या टेबलाखालच्या टोपलीत गेली होती, आणि टोपली रोज संध्याकाळी रिकामी होत असे. म्हणून मीच लिहून दिलं की पाणी भरण्याचं दृश्य खोटं आहे, ते मी टिपलं आणि मीच जोडलं. खाली सही केली.

तालुक्याच्या कारकुनाने कागद दोनदा वाचला आणि परत माझ्याकडे सरकवला.

"बाई, पिच्चर सरकारी आहे ना? मग खोटा कसा असेल?"