भावजींचं रक्त पुण्याला गेलं

माझ्या चुलत दिरांचा हात लागल्याशिवाय भांडगावात एकही नवरी धड नटली नसेल. हळदीला बायकांच्या घोळक्यात हा एकटाच बाप्या, पण कुणाला वावगं वाटायचं नाही. नवरीच्या निऱ्या तेच बसवायचे, आणि मनासारख्या बसल्या नाहीत तर वऱ्हाड ताटकळत असतानाही पुन्हा सोडायला लावायचे. "वहिनी, ह्या निऱ्या हायेत का भाकरीवरचं फडकं?" असं मला चारचौघींत म्हणाले होते. मी लाजून पदर तोंडाला लावला, तर तो पदरही नीट करून दिला. लग्न मात्र केलं नाही. मुलगी बघायला नेलं, तर तिच्या आईला पोह्यांत काय चुकलं ते सांगून आले. "मला बाईची ओढच न्हाई. उगं कुणाच्या लेकीचं वाटोळं कशाला?" असं घरात उघड बोलले.

त्याचा बोल लागला त्यांच्या आईला, म्हणजे माझ्या चुलत सासूबाईंना. पोटुशी असताना ग्रहणात भाजी चिरली म्हणून असलं पोर झालं, असं त्यांची सासू मरेपर्यंत ऐकवत राहिली. पुण्याहून संशोधन करणारी माणसं आली, असे पुरुष कशामुळं होतात ते रक्तात शोधतो म्हणाली, तेव्हा म्हणूनच भावजी काजळ घालून पुढं झाले. रक्त घेणाऱ्या मुलीला आधी हळदीकुंकू लावलं. मग म्हणाले, "पोरी, कारण घावलं तर आमच्यावानी पोरं जन्मूच देणार न्हाई का?"

ती गडबडली. "काका, आम्ही फक्त अभ्यास करतो."

"कर बाई. पर ग्रहणाचं खोटं निघालं, तर तेवढं आईला येऊन सांग."

ती हो म्हणाली. कुणी आलं नाही. भावजींनी फोन केला, तर एकेकट्याचा निकाल कळवत नाही म्हणाली ती माणसं. गावानं मात्र दारात उभी गाडी पाहिली होती. रक्त नेलं म्हणजे रोगच असणार, असं पसरलं आणि हळदीची बोलावणी थांबली.

सासूबाई थकल्या होत्या. रोज विचारायच्या, "आलं का रं पुण्याचं?" एकदा मी दूध घेऊन गेले, तर भावजी त्यांची वेणी घालत होते. म्हणाले, "आलं, आई. भाजीचा काय संबंध न्हाई. तुजा दोष न्हाई."

सासूबाई उंबऱ्याकडं बघत राहिल्या. "हे ऐकायला आत्याबाई पायजे हुत्या," त्या आपल्या सासूविषयी म्हणाल्या. मग हात मागं नेऊन लेकाचा हात धरला. "आन् तुजा? तुजा दोष हाय म्हणले का रं ते?"

भावजींनी दुसऱ्या हातानं सुटलेला पेड सावरला.

"न्हाई म्हणले, आई."

पुण्याला काय निघालं ते मला ठाऊक नाही. मला तेच खरं वाटतं.