लतीफचा जपानी खोका

लतीफ गेल्याचा भाभींचा फोन आला, तेव्हा मी दाढी करत होतो. अर्धी दाढी तशीच ठेवून त्याचं गाव, जवळा बाजार, गाठलं... आणि तिथं पोचून रडण्याखेरीज माझ्याच्यानं काहीच झालं नाही.

आमच्या शाळेत लतीफ चित्रकलेचा मास्तर, मी मराठीचा. निवृत्तीनंतर मोबाइलवर त्याला जपानचं कामिशिबाई सापडलं. लाकडी चौकटीतून चित्रांचे पुठ्ठे एकेक सरकवत गल्लीतल्या पोरांना गोष्ट सांगायची, आधी गोळ्या वाटायच्या. टीव्ही आल्यावर तिकडेही ते मागं पडलं, हे तो घरचं कुणी गेल्यासारखं सांगायचा. मग सुताराकडून खोका करवून घेतला, हरवलेल्या मेंढीची बारा चित्रांची गोष्ट स्वतः रचली आणि आठवडी बाजारात लिंबाखाली उभा राहू लागला. मी पोरांबरोबर पुढ्यात बसायचो. वाटायचं, पठ्ठ्याला सगळं तोंडपाठ आहे.

शेवटच्या आजारपणात दवाखान्यात मला म्हणाला, "खोका बंद पडू देऊ नको बे. सारं त्याच्यातच हाय."

"मला चित्रं कुठं येतात?"

"काढायची काहून? तू फक्त सांग. सांगशील का न्हाई?"

"व्हय," म्हणालो.

लतीफ जाऊन चाळीस दिवस झाले, त्या चाळिसाव्याला बाजारातली पोरं आली. मला भरून आलं. मोठ्या मनानं अकरा चित्रं आठवण म्हणून वाटून टाकली, एक स्वतःकडे ठेवलं. मागं मजकूर होता, पण मेंढीच्या चित्रामागं भलतंच विहिरीचं वर्णन. म्हटलं, चिक्कू माणूस, पाठकोरे पुठ्ठे वापरले असतील.

पुढं एकदा उरलेलं चित्र खोक्यात घालून मागच्या बाजूला उभा राहिलो, तेव्हा कुठं माझी चूक कळली. पोरांना पहिलं चित्र दिसतं, तेव्हा सांगणाऱ्यासमोर शेवटच्या पुठ्ठ्याची पाठ असते. पुढचा पुठ्ठा काढून मागं घातला की त्याची पाठ समोर येते; म्हणून प्रत्येक चित्राची गोष्ट त्याच्या आधीच्या चित्रामागं लिहायची असते, आणि पहिल्याची शेवटच्यामागं. मराठीचा मास्तर म्हणे मी!

घरोघर फिरलो. एक पुठ्ठा खळीनं भिंतीला डकवलेला, मजकूर आत. एक पाण्यात भिजून गेला. एक पोरगं पुण्याला गेलं. बाकीच्यांना चित्र कुठं ठेवलं तेच आठवेना. भाभी म्हणाल्या, "जाऊ द्या भाऊजी, तुमी मुद्दाम थोडंच केलं." याचा जास्त त्रास झाला.

परवाच्या बाजारात तोंडीच सांगून पाहिलं. मेंढी हरवली, सापडली. दोन मिनिटांत संपलं. पोरं गोळ्या घेऊन उठली.

माझ्याकडचं चित्र शेवटचं आहे, त्यामुळं त्याच्या मागं लतीफच्या अक्षरात गोष्टीची सुरुवात आहे. रोज सकाळी खोक्यामागं उभा राहून तेवढी मोठ्यानं वाचतो... आणि थांबतो. पुढं काय म्हणायचं, ते मला येत नाही.