मातीच्या दिवशीची मोजणी

आमची आई लिंबं विकायची. लिंबं, मिरच्या, आलं, कोथिंबीर. तालुक्याच्या बाजारपेठेत, बंद पडलेल्या टॉकीजच्या भिंतीला पाठ लावून बसायची. माहेर मिरजगावकडचं, लिंबांच्या मुलखातलं, त्यामुळे लिंबाला कुणी नाव ठेवलं की माहेरालाच ठेवल्यासारखी चवताळायची. "रस न्हाई म्हन्ता? आधी पिळून बगा, मंग बोला!"

तिच्या शेजारी केळीवाले चाचा. दोघांचं दिवसभर भांडण. चाचांच्या गाड्याचं चाक आईच्या गोणपाटावर यायचं. "चाचा, गाडा मागं घ्या, न्हाईतर केळ्यासकट ढकलून दीन." "ढकल की बाई, तेवढाच मला आराम." पण आई टायफॉइडने पडली होती तेव्हा तिची लिंबं चाचांनीच गाड्याच्या कडेला मांडून विकली, आणि रोज संध्याकाळी घरी येऊन आज कोणकोणत्या गिऱ्हाइकाने तिची चौकशी केली ते सांगून गेले.

फेरीवाल्यांचा कायदा आहे, हे आईच्या डोक्यात मी भरवलं. मोबाईलवर वाचून दाखवलं. आधी सर्वेक्षण करायचं, त्याशिवाय कुणाला उठवायचं नाही. नोंद झाली की प्रमाणपत्र. मग कुणी येऊन तराजू टेम्पोत टाकणार नाही. आईचा तराजू असा दोनदा गेला होता, म्हणून तिने हे नीट ऐकून घेतलं. मग साऱ्या ओळीला सांगत सुटली, "आमची वकीलीन म्हन्ती, जागा आपल्या नावावर हुनार हाय." मला लाज वाटायची, आणि खरं सांगायचं तर बरंही वाटायचं.

शेवटी सर्वेक्षणाचा दिवस ठरला. नगरपालिकेवाले रिक्षावर भोंगा लावून सांगून गेले: ज्याचा माल आणि ज्याचं माणूस जागेवर, त्याचाच फोटो. मोबाईलमध्येच फोटो काढणार, जागाही त्यातच उमटणार. आईने आदल्या दिवशीच चांगलं लुगडं काढून ठेवलं.

आणि त्या दिवशी पहाटे चाचा गेले. झोपेतच गेले.

आमच्या ओळीची एक रीत होती. ओळीतलं माणूस गेलं की माती होईपर्यंत कुणी तराजूला हात लावायचा नाही. हिंदूचं असो, मुसलमानाचं असो, सगळी ओळ उठायची. ही रीत कुणी घातली, कुणाला ठाऊक नाही, पण ती कधी मोडलेली मी पाहिली नव्हती. बायका चाचांच्या घरी जाऊन चाचीजवळ बसल्या, माणसं जनाज्याच्या तयारीला लागली. मी धावत तिथे गेले, आईला बाजूला घेतलं. म्हटलं, "अगं, आज सर्व्हे आहे! एक तासभर बसा, फोटो होऊ द्या, मग या." आईने माझ्याकडे असं बघितलं, जणू मी कुणी परकीच आहे.

मी हट्ट सोडला नाही. लसणीवाल्या मावशीला म्हटलं, "निदान एकीने तरी बसा, बाकीच्यांचं सांगायला." मावशी म्हणाली, "कोन बसंल? तूच सांग पोरी, कोनाचं त्वांड हुईल?"

कुणाचं झालं नाही. मी एकटी टॉकीजपाशी जाऊन उभी राहिले. फोटोवाले आले. समोरच्या ओळीतल्या एकेकाला गाड्यामागे उभं करून फोटो काढले. आमच्या बाजूला आले तेव्हा मी सांगितलं, मयत झालीय, सगळे तिकडे आहेत, दुपारी या. त्यातला एक भला माणूस होता, हळहळलाही. पण म्हणाला, "ताई, जो दिसतो त्याचीच नोंद होते. आम्हाला आजच पुढच्या पेठा उरकायच्यात." रिकाम्या भिंतीचा फोटो काढून ते पुढे गेले.

पुढे आम्ही नगरपालिकेत खेटे घातले. साहेबांनी रोजच्या बाजार-पावत्या मागितल्या. ओल्या कोथिंबिरीत हात घालणारी बाई त्या चिटोऱ्या काय देव्हाऱ्यात जपणार? होत्या त्यांचा लगदा झालेला. साहेब म्हणाले, "नोंद नाही, म्हणजे त्या जागी तुम्ही बसत नव्हता. आता पुढच्या सर्वेक्षणात बघू." कायद्यात ते पाच वर्षांतून एकदा आहे. तोवर काय हवा खायची? मी तावातावाने कलमं सांगायला लागले, तर आईने माझा हात दाबला. साहेबांना म्हणाली, "मंग इतकी वरसं मी कुठं बसत हुते, सायेब? तेवढं तरी सांगा." साहेबांनी दुसऱ्याची फाईल ओढली. संताप झाला नुसता माझा. आजही तो माणूस आठवला की तोंडाची चव जाते.

यथावकाश आमच्या बाजूला पाटी लागली: ना-फेरीवाला क्षेत्र. समोरची ओळ राहिली, आमची उठली. लसणीवाली मावशी लेकीकडे कोल्हारला गेली. आई लिंबांची पाटी डोक्यावर घेऊन गल्लीबोळांतून फिरायला लागली. पण बसून विकणाऱ्या बाईला आरोळी द्यायची सवय नसते. ती कुणाच्याही दारापुढे जाऊन गप्प उभी राहायची, आणि कुणी बघितलं नाही की पुढे निघायची. थोड्याच दिवसांत तिने पाटी पालथी घातली.

एकदा दुपारी ती घरात भिंतीकडे तोंड करून पडली होती. मला राहवलं नाही. विचारलं, "आई, असं होणार हे माहीत असतं, तर त्या दिवशी बसली असतीस?"

ती उठून बसली. "येडी का काय तू? चाचा तिकडं घरात पडलेले, आन् मी लिंबं जोखू?"

मग तिचं तिलाच सोसेना. पदर तोंडात धरून ती लहान पोरीसारखी रडायला लागली. "पन जागा माजी हुती गं," म्हणाली. "खरंच माजी हुती."