चार हजार छ्याण्णवची मागणी

आमच्या न्हावरे गावाकडे पाटाच्या पाण्याचा अर्ज भरताना एकराचं दीड एकर लिहायची जुनी खोड. पाणी वाटून देणारा पाटकरी काटछाट करणारच, मग मागताना हात आखडता कशाला? हे बाळकडू घेऊन मी कंप्युटर शिकलो आणि ते नको तिथे वापरलं.

पुण्याच्या एका कंपनीने नोकरी देण्याआधी घरी करायला एक ॲप दिलं होतं. संध्याकाळी पाचपर्यंत पाठवायचं, नाहीतर नोकरी दुसऱ्याची. दुपारी दोनला मेमरी संपल्याचा एरर आला. ज्या प्रोग्रामात मी ॲप बनवत होतो, त्याच्या पोटात एक व्हर्च्युअल मशीन चालतं. त्याला किती मेमरी द्यायची, तो आकडा एका फाइलीत लिहिलेला असतो. तिथे पाचशे बारा एमबी होतं. मी बिनदिक्कत चार हजार छ्याण्णव केलं. म्हटलं, निम्मं तरी पदरात पडेल. झालं उलटंच, प्रोग्राम उघडेचना. पुरेशी जागा राखता येत नाही, एवढं सांगून बंद. लॅपटॉप शिरूरहून जुना घेतलेला, म्हणून त्या दुकानदाराला मनातल्या मनात शिव्या घातल्या. प्रोग्राम काढून पुन्हा टाकला, तरी तेच. चार वाजले.

आई गेल्यापासून घरात मी आणि वडील, दोघंच. आप्पा गोठ्यातून आले, माझं तोंड बघून ओट्यावर शेजारी टेकले. मी चिडचिड करत सगळं सांगितलं.

"त्याच्यापाशी सगळं मिळून हाय किती?" त्यांनी विचारलं.

"लॅपटॉपात चार जीबी. म्हंजी चार हजार छ्याण्णव एमबीच."

"आन् तू समदंच मागितलं? मग त्यानं सोताला काय ठिवायचं?"

मला माझीच लाज वाटली. पाटकऱ्याशी घासाघीस चालते, इथे ती सोयच नव्हती; मागितलं तेवढं सगळं मिळालं तर चालू, नाहीतर काहीच नाही. एक हजार चोवीस लिहिलं. प्रोग्राम उघडला. पाचला दहा कमी असताना ॲप गेलं.

आता ऑफिसातल्या मशीनला चौसष्ट जीबी आहेत, तो आकडा बघायचीही वेळ येत नाही. त्या दुपारची मात्र फार आठवण येते.

ॲप गेल्यावर आप्पांनी विचारलं, "मंग आता पुण्यालाच ऱ्हायला जाणार?"

मी खुशीत लगेच "व्हय" म्हणालो. ते उठून पुन्हा गोठ्याकडे गेले. हे काम जमलं तर घरात आपण एकटे उरणार, हे त्यांना माझ्याशेजारी बसतानाच माहीत होतं. मला ते कळायला बरीच वर्षं लागली.